पडद्याच्या मागच्या अंगाला

म्हापशात शुक्रवारचा बाजार उठला
की मासळीच्या बाजूला आमची कनात लागायची.
पडद्यापुढे बसायला दोन तंगे,
पडद्याच्या मागच्या अंगाला एक.
चित्र दोन्हीकडून दिसतं, मागून उलटं, एवढंच.
आधी पडदा पाण्याने भिजवायचा
म्हणजे उजेड आरपार जातो,
मागच्यांच्या पायांवर मग अर्धा खेळ थेंब.

मी यंत्राचा दांडा फिरवायचो. तेरा वर्षांचा होतो.
हात दुखला की पडद्यावरची दुनिया सावकाश चालायची,
भूक लागली की धावायची.

चित्र दोन रिळांचं, हसण्याचं.
टोप्यांच्या दुकानातला एक पोरगा
कुणा नटीपायी वेडा होतो,
तिचा फोटो टोपीत आतून चिकटवतो
आणि दिसेल त्या बाईला टोपी काढून सलाम करतो.
बाया लाजतात. त्याचं लक्ष टोपीत.
मग स्टुडिओत शिरतो, पिठाच्या पिंपात पडतो,
भूत समजून पोलीस पळतात,
पोलिसांमागे घोडा.

मधल्या पाट्या इंग्रजीत.
त्या मोठ्याने सांगायचं काम आगुश्तीन मेस्तांचं.
त्यांना पोर्तुगीज येत होतं, व्हायोलिन येत होतं,
इंग्रजी नव्हतं.
म्हणून तो पोरगा एका रात्री पेडण्याच्या भाटकाराचा मुलगा निघायचा
आणि दुसऱ्या रात्री
राशोलच्या सेमिनारीतून पळालेला.

मागे, पहिल्या बाकावर, पुरसो हळर्णकर.
पायाशी सोड्याच्या बाटल्यांचा खोका.
गोटी दाबायची ती रीळ बदलतानाच.
ती पडद्यावर असताना
गिऱ्हाईक तहानेने मेलं तरी चालेल.
सगळे हसायचे, पुरसो नाही.
म्हणायचा, "पीठ काय रे, धुतलं की जातं."

तिच्या गालावर तीळ होता.
उजव्या. पुरसोच्या बाजूने उजव्या.

चवथीला मी मुंबईहून तिचं कार्ड मागवलं,
हाताने रंगवलेलं, ओठांचा तांबडा जरा बाहेर सांडलेला.
त्याने ते कंदिलाशी नेलं,
खूप वेळ बघितलं, परत दिलं.
"ही ती नव्हे. भैण असेल तिची.
तीळ बघ, भलत्याच गालाला."

मी समजावलं. पडदा, उजेड, उलटं, सुलटं.
म्हटलं, एकदा पुढे ये, फुकट बसवतो.
आला. धुतलेला सदरा घालून आला,
सोयऱ्यांकडे बसावं तसा खुर्चीच्या कडेवर बसला,
आणि पहिलं रीळ संपायच्या आत
कनातीखालून वाकून आपल्या जागी गेला.

शेवट असा होता:
तो टोप्यांचा पोरगा थिएटरात बसून तिला बघतो,
राहवत नाही, खुर्च्यांवरून धावत सुटतो
आणि थेट पडद्यात उडी घेतो.
पडद्याला त्याच्या आकाराचं भोक.
पलीकडे काय, ते चित्रात नाही.

मडगावला हलायच्या आदल्या रात्री
मी दांडा मेस्तांच्या भाच्याकडे दिला
आणि मागे जाऊन उभा राहिलो.
पाय ओले झाले.
व्हायोलिन घाईत आलं, पोरगा खुर्च्यांवर चढला,
तेव्हा पुरसोने काही न बोलता
खोका मांडीवर उचलून घेतला
आणि बाकावर थोडा सरकून बसला.

शेजारचा म्हातारा पावलूसुद्धा सरकला.
सवयीने.