करकर

आबा चपलेच्या दोन थरांत विंचवाचं बी दडवायचा.
चाललं की करकर; माणूस दिसायच्या आधी
सुभाषनगरच्या बोळाला कळायचं, कोण आलं.

योहानकाकाची करकर रविवारची.
प्रार्थनेहून आला, रापी उचलली न् म्हणाला,
"दादा, आम्ही देवानं निवडलेले लोक."

आबाच्या कपाळाला जोतिबाचा गुलाल,
पुढ्यात ओलं कातडं.
"निवडत्यात व्हय? मीबी निवडतो की.
गोचीड चावल्यालं, काटा लागल्यालं बाजूला.
तुझा देव त्या बाजूच्या ढिगाचं काय करतोय?"

काका हसला नाही. रागावलाही नाही.
आरी तेवढी जरा खोल गेली.

परवा काकाला शेवटचं चर्चमध्ये नेलं.
आबा आत गेला नाही. का, ते मी विचारलं नाही.
पायरीवर बसून
दारात उतरलेल्या चपला बघत राहिला.
बऱ्याचशा त्याच्याच हातच्या,
शिवणीवरनं एकेकाचं नाव सांगावं अशा.

मग उठला, आणि एकेक जोड
तोंड रस्त्याकडं करून मांडला,
बाहेर येणाऱ्याला
वळावं लागू नये म्हणून.

काकाचा जोड त्यात नव्हता.
तरी त्यानं मधे जागा सोडली.