उणे ऐंशी

मार्च. सांता ब्रिहिदाच्या वेशीपासून मका उभा,
कणसं सुकून माना खाली घातलेल्या,
आणि बांधाच्या गवतात तो,
मुठीत मावेल एवढा, करड्या पाठीचा उंदीर.
आपल्या अंगात काय आहे ते त्याला ठाऊक नाही.
मला ठाऊक आहे.
एकतीस वर्षं मी त्याचीच चाकरी केली.

संध्याकाळी पिंजरे लावायचे, ओट आणि चरबीचं आमिष,
पहाटे दवात उचलून आणायचे.
हातमोज्यांवर हातमोजे, वर चिकटपट्टी,
आणि नाक खाजलं तर खाजू द्यायचं.
पहिल्या दिवशी एवढंच शिकले,
बाकीचं सगळं नंतर.

आई विचारायची, "दिसतो तरी कसा गं तुझा विषाणू?"
"गोल. आत वाळू सांडल्यासारखी."
"मग झाडून टाक की."

आमच्याकडे माते फिरतो.
एकच भोपळा, एकच नळी, या ओठांवरून त्या ओठांवर.
नोकरीला लागले त्या वर्षी मी तो सोडला.
सोड असं कुणी म्हणालं नव्हतं,
का सोडलास हेही कुणी विचारलं नाही.
भोपळा माझ्यापाशी आला की
नुसता वळसा घालून पुढे जायचा.

लस यायच्या आधी, ताप येऊन वाचलेल्यांचं रक्त होतं:
कापणीवाले, ट्रकवाले, एक पाद्री,
बाह्या सरसावून बाकावर बसलेले.
ज्याचं जळतं त्याला कळतं.
एउसेबिओ कार्दोसोपर्यंत ते पोचलं नाही.
गाडी चिखलात रुतली, आणि आजाराचा अकरावा दिवस.

काल त्याची मुलगी आली. एल्विरा.
तेव्हा दाराआड उभी होती, सात वर्षांची,
आणि आम्ही अंगणात जाळत होतो
अंथरूण, सदरे, त्याची टोपीसुद्धा.
म्हणाली, "मंगळवारी तुम्ही निवृत्त होताय असं ऐकलं.
बाबांचं काही उरलंय का इथे?"

उरलंय.
तिसऱ्या खणात, उणे ऐंशीवर,
पेराएवढी कुपी,
माझ्याच अक्षरात ४१७.
त्यात तो नाही.
त्यात त्याला घेऊन गेला तो आहे,
त्याच्याच रक्तातून मी वाढवलेला,
वर्षानुवर्षं सांभाळलेला.
हे कुठल्या तोंडाने सांगू?

सांगितलं. जसं आहे तसंच.
ती बराच वेळ आपल्या चपलांकडे बघत राहिली.
आत कुणालाच नेता येत नाही,
म्हणून बोळातल्या भिंतीपर्यंत नेलं.
पलीकडे यंत्र घरघरत होतं.
तिनं भिंतीवर पंजा टेकला.
"ऊब लागतेय," म्हणाली.
मोटर असते ती, हे मी बोलले नाही.

मग पायरीवर बसून
तिनं पिशवीतून थर्मास काढला, भोपळा काढला,
पहिला घोट स्वतः घेतला
आणि हात माझ्याकडे केला. तसाच धरून ठेवला.

नळी तिच्या ओठांनी गरम झालेली.
किती कडू असतं हे.