उरलेले हप्ते

कलेक्शन सेंटरमध्ये मी रोज लोकांचे रिपोर्ट छापते.
साखर अमुक, क्रिएटिनिन तमुक,
आणि शेजारच्या रकान्यात, किती ते किती असावं.
बँकेनं दिलेल्या कागदावर
तो शेजारचा रकानाच नाही.

काल रात्री नंदन झोपल्यावर
कुकर बाजूला सारून ओट्यावर वाचत बसले.
बेचाळीस लाख. वीस वर्षं. साडेआठ टक्के.
हप्ता छत्तीस हजार चारशे एकोणपन्नास.
हे सगळं पाठ होतं मला, गाडीच्या नंबरासारखं.
गाडीच्या नंबरावरून कोणाला कळतं
गाडी किती पेट्रोल पिते?

पहिल्याच हप्त्यात
व्याजाचे एकोणतीस हजार सातशे पन्नास.
घराच्या वाट्याला सहा हजार सहाशे नव्व्याण्णव.
त्या दिवशी मी पेढे वाटत होते,
कामोठ्यात, सेक्टर अठरात, चारही मजल्यांवर.

तीन वर्षांत भरले तेरा लाख बारा हजार.
मुद्दल हललं दोन लाख त्र्याहत्तर हजारांनी.
आईच्या पाटल्या आणि नंदनचा पीएफ
यात हॉल आला असं धरू.
बाकी घरातलं आमचं झालं
जेमतेम वीस चौरस फूट.
म्हणजे न्हाणीघर.
तेही बादली बाहेर ठेवली तर.

गेल्या महिन्यात दर साडेनऊ झाला.
मेसेज आला, आपल्या हप्त्यात कोणताही बदल नाही.
नंदन म्हणाला, बघ, किती चांगले आहेत.
मीही म्हटलं, हो.
दोनशे चाळीस हप्ते होते,
छत्तीस भरून झाले.
कागद म्हणतो, उरले दोनशे त्रेचाळीस.

तीनदा केली वजाबाकी.
मग कळलं, ही वजाबाकी नव्हेच.

असंच चाललं तर बेचाळीसाचे होणार
एक कोटी एक लाख, आणि वर चिल्लर.
चिल्लर म्हणजे एकोणसत्तर हजार.
शेवटच्या हप्त्याला नंदन एकसष्टचा.
कंपनी अठ्ठावन्नला घरी पाठवते.
कुठल्या घरी, ते तिनं पाहायचं नसतं.

सकाळी तळमजल्यावर हिराजीकाका घरत भेटले.
या बिल्डिंगखाली त्यांचं भाताचं खाचर होतं.
"आमाला साडेबारा टक्के देतो बोलले,
तुला साडेनऊ मागतात.
टक्का मोजणारा वेगलाच असतो गो,
आपण नुसता जागा देतो."

अर्धी रजा टाकून शाखेत गेले.
तांडेल मॅडमनी स्क्रीन माझ्याकडे वळवली.
मुदत वाढवायची नसेल तर हप्ता वाढवा.
अडतीस हजार आठशे त्रेसष्ट.
दोन हजार चारशे चौदा जास्त, दर महिन्याला,
आणि शेवटी वाचतात नऊ लाख एकोणतीस हजार.
मी विचारलं, हे आधी का नाही सांगितलं?
"तुम्ही विचारलं नाहीत."
मग आवाज खाली आणून,
"माझं करंजाड्याला आहे. तीस वर्षांचं.
मीही उशिराच विचारलं."

दोन हजार चारशे चौदा.
म्हणजे स्वरदाचं स्केटिंग, किंवा
सुरमईच्या जागी बांगडा,
आणि माझ्या चष्म्याचा नवा नंबर दिवाळीनंतर.
स्केटिंग नाही थांबवायचं.
बांगडा चालेल. चष्मा जुनाच.
पेन बँकेचं होतं, दोऱ्यानं बांधलेलं.
सहीसाठी वाकावं लागलं.

सहा दहाला पाणी आलं.
बादल्या भरता भरता
न्हाणीघरातली ती टाइल पुन्हा पोकळ वाजली.
नंदन म्हणाला, उद्या बिल्डरला फोन करतो.
म्हटलं, नको.
सिमेंट आण पाच किलो, आपणच बसवू.
तेवढी आपली आहे.