जिन्यातली बाटली

नोटीस मीच लिहिली होती.
अक्षर चांगलं आहे माझं.
एजी ऑफिसात तीस वर्षं शेरे मारले,
त्यामुळे वाक्यही असं, की कुणाला टोचू नये:
'घरकाम, सफाई व पार्सलसाठी येणाऱ्यांनी
कृपया जिन्याचा वापर करावा.'
'कृपया'खाली दोन रेघा.

कुणाचं नाव नव्हतं त्यात.
जात तर नव्हतीच, शोधून दाखवा.
मीटिंगमध्ये बोलणं झालं ते विजेच्या बिलाचं,
बादलीतून सांडणाऱ्या पाण्याचं, घामाच्या वासाचं,
मग कुणीतरी म्हणालं, 'आता समजून घ्या ना,'
आणि आम्ही सगळे समजलो.
ठराव क्रमांक सात.

मग मे महिना.
मनीषनगरात दुपारी डांबर चपलेला धरून ठेवतं, तसला.
कूलर पाणी पिऊन पिऊन कोरडा,
आणि लिफ्ट बंद.
माणूस कळमेश्वरहून येणार होता.
अकरा दिवस येतच होता.

माझा सातवा मजला.
जिना मला पाठ होता, नकाशावर:
रुंदी चार फूट, पायऱ्या एकशे सव्वीस.
नकाशात नव्हती
पाचव्या मजल्याच्या वळणावरची
रंगाची पालथी बादली, तिच्यावर गोणपाटाची घडी,
गजाला नाडीने बांधलेली पाण्याची बाटली,
ओल्या फडक्यात गुंडाळलेली, तान्ह्यासारखी.
खिळ्याला कंगवा.
आणि भिंतीवर पेन्सिलीच्या आडव्या रेघा:
सुगत, दिवाळी.
सुगत, होळी.
एक पोर आमच्या इमारतीत दोन बोटं वाढलं होतं
आणि माझ्या रजिस्टरात नोंद नव्हती.

बादलीवर बसलो. बसावंच लागलं.
खालून पंचफुला नंदेश्वर वर येत होती.
सरोद्यांकडे भांडी, माझ्याकडे फरशी, नऊ वर्षं.
आडनाव पहिल्याच दिवशी विचारलं होतं आम्ही.
नावाची गरज पडली नाही,
'बाई'वर भागत होतं.

'घाबरं घाबरं होऊन राह्यलं काय, साहेब?
पेऊन घ्या ना घोटभर.'
तिने नाडी सोडली.

इथे मला थांबायचं आहे.
बाटलीकडे माझा हात गेला
त्याच्या आधी एक क्षण गेला.
लहानच. पण मी तपासनीस माणूस,
एवढी तफावत माझ्या नजरेतून सुटत नाही.
तिच्याही सुटली नाही.

मी वरून ओतलं पाणी, अर्धं शर्टावर.
ती म्हणाली, 'आमीबी वरूनच पेतो जी.
साऱ्यायले पुरली पायजे न, उन्हाळ्याची.'
तिने मला सोडवलं की पकडलं,
अजून ठरत नाही.

लिफ्ट सुरू झाली.
नोटीस मी फाडली, रात्री, कुणी नसताना.
हेही लिहून ठेवतो: कुणी नसताना.
चिकटपट्टीचे चार कोपरे राहिले, ते निघत नाहीत.
ठराव रद्द करायला मीटिंग बोलावली.
नऊ जण आले. कोरम नाही.
खापेकरांनी विचारलं,
'उद्या लॉबीतल्या सोफ्यावर बसतील, मग?'
मी म्हटलं, 'तसं काही होणार नाही.'
'बसू दे' म्हणायला हवं होतं.
ते घरी आल्यावर सुचलं, हात धुताना.

परवा सकाळी लिफ्टचं दार धरून उभा राहिलो.
म्हटलं, 'चला, पंचफुलाबाई.'
तिने आत पाहिलं, मग माझ्याकडे,
मग जिन्याकडे.
'तुमी व्हा पुढं. मले बाटली भराची हाये.'

दार मिटलं.
आरशात मी एकटा,
आणि माझ्या डोक्यावर पितळी पाटी:
क्षमता सहा माणसं.