क्वार्टर क्रमांक १२६ ब, भुसावळ

क्वार्टर माझं आहे.
माणसं येतात, जातात.
त्यांची ऑर्डर डीआरएम ऑफिसातून निघते,
माझी कुठून निघते, अजून कळलेलं नाही.

अब्राहम ड्रायव्हरकडे मी सूझी होते,
तायडे पॉइंट्समनकडे चिंधी.
पाचपांडे गार्डांच्या घरात नावच नव्हतं, नुसतं 'शुक्',
आणि त्यालाही मी वळून बघायचे, सवयीनं.

नावं जातात. खिळे राहतात.
खिडकीत कूलरच्या मापाचं भोक राहतं,
मे महिन्यात त्यातून सत्तेचाळीसची झळ थेट आत येते
आणि मी मोरीतल्या ओल्या फरशीवर पोट टेकून
वैराग्याचा अभ्यास करते.
पोट थंड असलं की वैराग्य बरं जमतं.

परसात, सांडपाण्यावर, एक केळ आहे.
एकदा घड दिला की कोयत्यानं आडवी करतात.
शेजारचं पील तोवर गुडघ्याएवढं.
माझीही चार पिलं मी सात घरं फिरवली.
दोन बोक्यानं नेली, एक मालगाडीनं,
चौथं लोको कॉलनीत असतं, मला ओळखत नाही.
बरोबरच आहे.
मीसुद्धा आधी वास घेते.

मग आले झोपे, बुकिंग क्लार्क.
आडनावावरूनच पसंत पडले.
शैलजाबाई खाटेवर बिबडे वाळत घालायच्या,
तुटलेला तुकडा माझा.
नवऱ्याच्या नाइट ड्यूटीला
त्या रेडिओ लावून जाग्या, मी त्यांच्या पायावर.
नाव काही ठेवलं नाही त्यांनी, नुसतं 'अगं'.
नवऱ्यालाही त्या 'अहो'च म्हणायच्या,
म्हणजे मी घरातलीच.

खंडव्याची ऑर्डर आली.
टेंपोत खाट गेली, कूलर गेला,
बिबड्यांचा डबा त्यांनी मांडीवर घेतला.
मी कुंपणावर बसून पंजा चाटत होते.
मग कुंपणाखाली होते.
मग, कसं कोण जाणे,
रस्त्याच्या या कडेहून त्या कडेला.

'मांजर आडवी गेली,' ड्रायव्हर म्हणाला, आणि इंजिन बंद केलं.
झोपे उतरले, पाच पावलं मागे गेले,
बाटलीतलं पाणी प्यायले, उगाच घड्याळ पाहिलं.
शैलजाबाईंनी काचेतून मान बाहेर काढली.
'अगं,' म्हणाल्या.
पुढे काही नाही.

दहा मिनिटं.
इथल्या जंक्शनवर मेललाही एवढाच थांबा असतो.

पलीकडे मला तसं
काही काम नव्हतं.