काडी

वसमतच्या कोर्टात टेबलावर
माझ्या नवऱ्याचं सेवापुस्तक.
कोपरे उंदरांनी खाल्लेले, मधलं पान शाबूत.
नाव: कौसाबाई लिंबाजी पोले. नातं: पत्नी.
अक्षर त्यांचंच. ल च्या पोटात तोच वळसा
जो दुधाच्या हिशोबात मी एकोणतीस वर्षं वाचला.

कालवा चौकीदार होते, सिद्धेश्वरच्या पाण्यावर.
बारा गेटांच्या किल्ल्या कमरेला.
ते गेले, खात्यानं किल्ल्या परत नेल्या,
पोचपावतीवर सही माझी घेतली.
तेव्हा कुणी विचारलं नाही, तू कोण.

पेन्शनच्या खिडकीवर विचारलं.
मी म्हणाले, काडीमोड झाली होती आधी,
आमच्यात रीत आहे, पारावर पंच बसले होते.
खिडकीतलं पोरगं चांगलं होतं.
पाणी दिलं, मग म्हणालं,
मावशी, काडीचा कागद लागतो.

वकिलांनी समजावलं:
रीत कायद्याला चालते, पण सिद्ध व्हायला पाहिजे.
नाही झाली तर तुमचं लग्न झालंच नाही.
लेकरं मात्र त्यांची. ती औरस.
घरी येताना टमटमात मी हेच जुळवत होते,
दोन्ही पोरं लग्नाची
अन् ज्या बाईला झाली, ती बिनलग्नाची.
रस्त्याकडेला कढईत हळद शिजत होती.
मला तर पायाच्या नखापर्यंत लावली होती.

पंच चार. तिघं वारले.
चौथे दगडूबाप्पा, त्यांना सूनही ओळखू येत नाही.
काडी म्हटलं की काडेपेटी काढून देतात.

उरली कौसाबाई.
जिंतूरच्या बसनं आली, भाच्यासोबत,
पायात पुरुषी चप्पल, पिशवीत दशम्या.
एवढीशी बाई.
इतक्या वर्षांत मी तिला केवढी उंच करून ठेवली होती.
भावाकडं राहते, गुडघे गेलेत, तरी निंदायला जाते.
मोडली नाही, एवढंच म्हणायचं,
महिन्याचे नऊ हजार तिचे.
मी तिच्या जागी असते तर,
हे मनात उघडलं अन् झटकन मिटलं.

कोर्टाच्या ओट्यावर तिनं अर्धी दशमी पुढं केली.
मी घेतली. वकील रागावले,
साक्षीआधी बोलू नका.
आम्ही बोललोच नव्हतो.

मोडली का काडी? हो की नाही?

ती म्हणाली, साहेब, तुरीची होती.
मार्गेसर महिना, तूर हिरवी.
त्यांनी मोडली तर वाकली नुसती,
साल धरून राहिलं.
पंच म्हणाले झालं, अन् चहा आला.

म्हणजे मोडली नाही?

आत वाजलं होतं ना साहेब, कट्कन.
वरून दिसत नव्हतं.

टाइप करणारा थांबला. पंखा तेवढा फिरत होता.

मग तिनं आपणहून सांगितलं,
ती काडी मी माहेरी आणली, आढ्याला खोचली.
वाळली, तरी सालानं धरलेलीच.
एक दिवस चुलीसाठी काढली
अन् ते सालही मीच तोडलं. लिहा, मोडली.
माझ्याकडं बघून म्हणाली, लिहा.

तारीख?

तारीख नाही सांगता यायची.
ह्यांच्या लेकीचं बारसं झालं
असं कानावर आलं, त्या दिवशी.

माझ्या वकिलांनी पेनाचं टोपण लावलं.
मला कळायला जिना उतरावा लागला:
बारसं आधी, काडी नंतर.
तिनं द्यायचं ते सगळं दिलं होतं
अन् खरं सांगून, एका वर्षानं उशिरा.

पुढची तारीख अकरा.
स्टँडवर जिंतूरची गाडी लागली.
भाच्यानं तिला वर चढवलं, खिडकीशी बसवलं.
गाडी हलली, तेव्हा वाकून विचारलं तिनं,
काय नाव ठेवलंतं पोरीचं?
मी सांगितलं, संजीवनी.
कंडक्टरची घंटा तेव्हाच वाजली,
ऐकू गेलं का नाही, कोण जाणे.