प्रति

मी जुळारी. मिरजेत शिकलो, लेस्टरला पोट भरलं.
नारबरो रोडवर, मोज्यांच्या कारखान्यामागे
एका खोलीत ट्रेडल, दोन केसी, रॉकेलचा डबा.
अक्षरं उलटी वाचायची इतकी सवय
की बसची पाटी सुलटी दिसली
तर क्षणभर अडायला व्हायचं.

सेफू म्वालुको पहिल्यांदा आला एकसष्टच्या हिवाळ्यात.
पायात उन्हाळी बूट,
छातीशी वर्तमानपत्रात गुंडाळलेला मजकूर.
त्याची भाषा मला येत नव्हती,
म्हणून चुका कमी झाल्या.
कळणाऱ्या भाषेत जुळारी घसरतो,
डोळा पुढचं गृहीत धरतो.
एक शब्द पानोपानी यायचा, त्यात तीन यू.
माझ्याकडचे यू संपले.
मी एन उलटे करून लावले. कुणाला कळलं नाही.
त्या शब्दाचा अर्थ, तो म्हणाला, स्वातंत्र्य.

रात्री तो घड्या घालत बसायचा, बोटं निळी.
मी त्याला मोठ्या काकांचं सांगितलं:
बेचाळीसला येरवड्यात गेले,
अठ्ठेचाळीसला पुन्हा.
कोठडी वेगळी, जेलर तोच,
टोपी तेवढी बदललेली.
सेफू हसला. आमच्याकडे नाही व्हायचं असं.
आम्ही जेल पाडून शाळा बांधणार आहोत.
नकाशाही होता,
चहाच्या पुड्याच्या पाठीवर.

चौसष्टच्या मार्चमध्ये तो लंडनहून मोटारीनं आला.
नव्या कोटाला अजून दुकानाचा वास.
पुढ्यात एक पिवळा फॉर्म ठेवला, गव्हर्नरच्या काळातला.
असाच हवा, मिस्टर आवटी.
फक्त वरचा मुकुट काढा, तिथे तारा.

मुकुट छत्तीस पॉइंटचा. तारा छत्तीस पॉइंटचा.
आजूबाजूला एक पट्टीसुद्धा जास्तीची लागली नाही.
खाली नाव, बापाचं नाव, गाव, जमात,
पुढे टिंबं, टिंबं, टिंबं.
हा मजकूर इंग्रजी. मला सगळा कळला.

शाळेचं काय झालं, मी विचारलं.
तो यंत्राकडे बघत राहिला.
बाहेरून पैसा खाल्लेली माणसं आहेत, म्हणाला,
जुने मुकादम, जुने पोलीस.
आम्ही ढिले पडलो की ते परत येतील.
खोटं बोलत नव्हता.
ती माणसं होतीही. परत आलीही.
किती काढू?
पाच हजार प्रती.

आमच्यात प्रती म्हणजे नकला
आणि क्रांतीआधी प्रति लावलं की तिच्या विरुद्ध.
फरक एका वेलांटीचा.
मिरजेच्या केसीत दोन्ही वेलांट्यांचे खण शेजारी.
घाईत हात चुकायचा,
मालक कानफटात द्यायचे.

एकोणसत्तरला त्याची बहीण आली, झुहुरा.
तिकडे कुणी कॅप्टन बसला होता,
जुना पोलीस सुपरिंटेंडंट त्याचा सल्लागार.
तिनं फोटो दिला: सेफू, माझ्याच दारात उभा,
उन्हानं डोळे बारीक केलेला.
वर छापायचं, हा माणूस कुठे आहे?
दोनशे पुरेत.

पर्स उघडी होती, म्हणून तिनं तोही कागद दाखवला
जो दाखवून त्याला घरातून नेलं.
टिंबांवर त्याचं नाव, सुबक अक्षरात.
सही कॅप्टनची.
वरच्या ताऱ्याचं एक टोक उडालेलं.
ते माझ्या हातून उडालं होतं,
चिमटा निसटून.
तेव्हा वाटलं, पाच हजारांत कोण बघतंय.

बाई, चहा घेणार? एवढंच मी बोललो.
ती खिडकीशी उभी राहून कारखान्याच्या बायका बघत होती,
शिफ्ट सुटलेली, सायकली ओल्या.
मी तिची ओळ जुळवली. मोठा टाइप, काळी शाई.

तिच्याकडून पैसे घेतले नाहीत.
पाच हजारांचे वेळेवर आले होते, दूतावासाच्या चेकनं.
त्यातूनच ट्रेडलचा रूळ बदलला होता.
शाई छान दाट बसली.